शेरा : सही नाही

खिडकी क्रमांक चारमधल्या बाईंनी लायसन्सचं पुस्तक तिसऱ्यांदा उलटून पाहिलं, मग कॉम्प्युटरच्या पडद्याकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "तुमचं लायसन्स अवैध आहे."

"शुक्रवारी संपतंय," आत्या म्हणाली. "म्हणून तर सोमवारी आले."

"संपण्याचा प्रश्नच नाही. मुळातच अवैध आहे. पहिल्या दिवसापासून."

आत्याचं वय एक्कावन्न. ती डेअरीचा बारा हजार लिटरचा दुधाचा टँकर चालवते. तिचा भाचा डेअरीच्या प्रयोगशाळेत कामाला लागला, पहिल्याच दिवशी त्याने फाटकातून "आत्या" अशी हाक मारली, आणि तेव्हापासून ती सगळ्यांचीच आत्या झाली. तिच्यापेक्षा चार वर्षांनी मोठा असलेला मॅनेजरही तिला आत्याच म्हणतो. तिच्याकडे जड वाहनांचं लायसन्स आहे ते सत्तावीस वर्षांपासून. त्या पुस्तकात दर तीन वर्षांच्या नूतनीकरणाचे आठ शिक्के आहेत आणि दंडाचा एकही नाही.

"हे शिक्के याच ऑफिसने मारलेत," ती म्हणाली.

"ते हाताने मारलेले. दोन वर्षांपूर्वी सगळी जुनी रजिस्टरं सिस्टीममध्ये भरली. आता सिस्टीम म्हणेल ते." बाईंनी पडदा थोडा तिच्याकडे वळवला. आत्याच्या नावापुढे लाल अक्षरांत 'अवैध' असं होतं. त्याखाली बारीक अक्षरात : 'कारण – मूळ नोंदवहीतील शेरा.'

"काय शेरा?"

"ते इथे दिसत नाही."

बाई वाईट नव्हत्या. त्यांनी लगेच खणातून एक छापील अर्ज काढून दिला. नवीन लायसन्सचा. आधी कच्चं लायसन्स, महिन्याने हलक्या गाडीचं पक्कं, त्यानंतर एक वर्ष थांबायचं आणि मग जड वाहनाची परीक्षा. अर्जाच्या शेवटी एक मजकूर आधीच छापलेला होता.

आत्याने काउंटरवर बोट टेकवून तो वाचला. ती वाचते हळू. मुलगी पहिलीत गेली तेव्हा तिच्याच पुस्तकावर ती अक्षरं शिकली, त्यामुळे अजूनही शब्द फोडून वाचायची सवय आहे. 'माझ्याकडे आजपर्यंत वैध परवाना नव्हता, याची मला पूर्ण जाणीव आहे. तरी मला नवीन परवाना मिळावा, ही विनंती.' खाली अर्जदाराच्या सहीसाठी चौकोन.

"खाली सही करा," बाई म्हणाल्या.

"मला अशी जाणीव नाही."

"अहो, तो छापील मजकूर आहे. सगळेच करतात."

"सगळ्यांना असेल जाणीव." आत्याने अर्ज परत सरकवला. "सत्तावीस वर्षांनी मला कच्चं करता?"

मागच्या रांगेत कुणीतरी हसलं. बाईंनी पुढचा टोकन नंबर दाबला.

बाहेर भिंतीला लागून एजंटांची टेबलं होती. त्यातल्या एकाने, गळ्यात दोन चष्मे अडकवलेल्या माणसाने, तिचा चेहरा बघूनच ओळखलं.

"शेरा निघाला का, आत्या?"

"तुला कसं माहीत?"

"जुन्या पुस्तकवाल्यांचं निघतंय हे अधूनमधून. मागच्या वर्षी क्रेनवाल्याचं निघालं. त्याने गुपचूप सही ठोकली आणि मोकळा झाला."

"मोकळा झाला म्हणजे? तो आता वजनकाट्यावर पावत्या फाडतो."

"डोळे गेले ना त्याचे."

"त्याने तसं सांगितलंय," आत्या म्हणाली. क्रेनवाल्याला तिने गेल्याच महिन्यात काट्यावर पाहिलं होतं. समोरून येणाऱ्या तिच्या टँकरचा नंबर त्याने लांबूनच वाचून वहीत लिहिला होता. तेव्हा तिला त्यात काही वावगं वाटलं नव्हतं.

"हे बघा, भिंतीवर डोकं आपटून भिंत फुटत नाही," एजंट म्हणाला. "सही करा. वर्षभर घरी बसा. नातवंडं खेळवा."

"नातवंडं माझ्या टँकरमध्ये बसायला मागतात. त्यांना काय सांगू, आजीकडे कच्चं आहे?"

डेअरीत मॅनेजरने तिचं सगळं ऐकून घेतलं. मग फळ्यावरच्या खिळ्याला अडकवलेल्या टँकरच्या किल्लीकडे पाहिलं. "शुक्रवारपर्यंत पुस्तकाची तारीख आहे, तोवर चालव," तो म्हणाला. "शनिवारी सकाळी कागद नसेल तर किल्ली तिथेच राहील. आणि आत्या, एक वर्ष मी ती खिळ्यावर ठेवू शकत नाही. दुसऱ्या कुणाला तरी द्यावी लागेल."

"बरोबर आहे तुमचं," आत्या म्हणाली. तिला ते खरंच बरोबर वाटत होतं. म्हणूनच तिला जास्त राग आला.

मंगळवारी पहाटेची फेरी संपवून, टँकर धुऊन ती अकरा वाजता पुन्हा ऑफिसात गेली. या वेळी तिने नवीन लायसन्सचा अर्ज मागितलाच नाही. 'मूळ नोंद पाहण्याबाबत' असा अर्ज तिने घरून लिहून आणला होता. शब्द मुलीने फोनवरून सांगितले होते, अक्षर तिचं होतं. बाईंनी तो दोनदा वाचला. नकार देण्यासारखं त्यात काही सापडलं नाही.

रेकॉर्ड रूम इमारतीच्या मागच्या बाजूला होती. लोखंडी रॅक, त्यांवर वर्षांचे आकडे लिहिलेले गठ्ठे, एक टेबल, दोन खुर्च्या आणि बंद पडलेला पंखा. सगळं ऑफिस ज्यांना दप्तरकाका म्हणतं ते तिथे एकटेच बसायचे. सत्तावन्न पूर्ण, निवृत्तीला तीन महिने बाकी. त्यांनी अर्ज पाहिला, शिडी न लावता खालच्याच रॅकमधून एक जाड रजिस्टर काढलं आणि पान त्र्याण्णव उघडून तिच्यासमोर ठेवलं.

पानाच्या मधोमध तिचं नाव होतं. जन्मतारीख, वाहनाचा प्रकार, परीक्षेचा निकाल : 'पास'. पुढच्या रकान्यात निळ्या शाईतला अंगठ्याचा ठसा. एक नव्हे, दोन. पहिला फिसकटलेला, दुसरा स्वच्छ. साक्षीदाराचा रकाना रिकामा. आणि शेवटच्या रकान्यात, शेऱ्यात, दोन शब्द.

आत्याने बोट ठेवलं. "स-ही... सही. ना-ही."

ती थांबली. पुन्हा वाचलं. मग मोठ्याने हसली. रेकॉर्ड रूममध्ये बहुधा बऱ्याच वर्षांत कुणी हसलं नव्हतं. दप्तरकाकांनी दाराकडे पाहिलं.

"सही नाही," आत्या म्हणाली. "नव्हतीच. मला कुठे येत होती सही? अंगठा दिला मी. म्हणून लिहिलंय, सही नाही."

"हं," दप्तरकाका म्हणाले.

"आणि कॉम्प्युटरवर बसलेल्या पोरांनी वाचलं, सही नाही. म्हणजे बरोबर नाही. त्यांच्या तोंडी दिवसभर तेच असतं. गाडी सही आहे, गाणं सही आहे. माझं लायसन्स तेवढं सही नाही."

दप्तरकाकांनी टेबलावरचा पेपरवेट उचलला आणि पुन्हा तिथेच ठेवला.

आत्याने त्यांच्याकडे नीट पाहिलं. केस गेले होते, पोट आलं होतं. पण वाकून रजिस्टर सरळ करण्याची पद्धत तीच होती. "पहिला ठसा फिसकटला," ती म्हणाली. "मी हात ताठ धरला होता. तेव्हा तुम्ही म्हणालात, 'ताई, हात सैल सोडा, स्टेअरिंग नाही हे.'"

"अक्षर जुनं आहे. कुणाचंही असू शकतं."

"मी अक्षराचं बोललेच नाही, दादा."

बाहेर परीक्षेच्या ट्रॅकवर 'आठ'चा आकडा काढताना कुणीतरी गाडी बंद पाडली आणि शिट्टी वाजली.

"साक्षीदाराचा रकाना बघितलात?" शेवटी दप्तरकाका म्हणाले. आवाज खाली गेला होता. "अंगठा असेल तर साक्षीदाराची सही लागायची. त्या दिवशी रांग दारापर्यंत होती. साक्षीदार शोधत कोण बसणार? मी सोडून दिलं. एकदा नाही, बरेचदा. आता ते बाहेर आलं तर माझे पेन्शनचे कागद अडकतील. तीन महिने राहिलेत, ताई."

"आणि माझे तीन दिवस."

आत्याने पान उलटलं.

"तुम्हाला फक्त तुमचीच नोंद बघायची परवानगी आहे."

"पान उलटायला मनाई आहे, असं कुठे लिहिलंय ते दाखवा. मी आता वाचू शकते."

दप्तरकाका उठले. "मी चहा घेऊन येतो," ते म्हणाले, आणि रजिस्टर उघडंच ठेवून गेले. चहाला त्यांना सव्वा तास लागला. बुधवारी तर त्यांनी दोनदा चहा घेतला.

आत्याने त्या सव्वा तासात आणि बुधवारच्या दोन चहांत एकच काम केलं. प्रत्येक पान पाहायचं. जिथे अक्षरात सही, तिथे शेऱ्याचा रकाना कोरा. जिथे अंगठा, तिथे 'सही नाही'. एकदाही याच्या उलट नव्हतं. सातव्या पानावर एक ट्रॅक्टरवाला, एकोणिसाव्यावर दोन सख्खे भाऊ, पासष्टाव्यावर एक बाई, म्हणजे ती एकटी नव्हती तर. पान एकशे बारावर क्रेनवाला. त्याचा अंगठा रुंद होता, रकान्याबाहेर गेलेला. आत्या त्या पानावर जरा जास्त वेळ थांबली. माणूस वर्षभर लोकांना सांगत होता की आपले डोळे गेले. आपलं लायसन्स कधी खरं नव्हतंच, हे सांगण्यापेक्षा त्याला ते सोपं वाटलं होतं.

मुलीच्या जुन्या वहीत तिने पान नंबर आणि नावं उतरवली. एकेक नाव फोडून, जोडाक्षरांशी झगडत. तिच्यासकट एक्केचाळीस.

गुरुवारी ती साहेबांसमोर बसली.

साहेब तरुण होते. टेबल स्वच्छ, पेनं एका रांगेत. त्यांनी आत्याचं म्हणणं मधे न बोलता ऐकलं, वहीतली यादी पाहिली आणि रेकॉर्ड रूममधून रजिस्टर मागवलं. दप्तरकाका ते घेऊन आले आणि दाराशी उभे राहिले. साहेबांनी दहा-बारा पानं स्वतः उलटली. त्यांना समजलं होतं. ते त्यांच्या चेहऱ्यावर दिसत होतं, आणि दिसू नये अशी त्यांची इच्छा होती हेही दिसत होतं.

"मला शेरा वाचायचा अधिकार आहे," ते म्हणाले. "त्याचा अर्थ लावायचा नाही."

"ज्या पोराने कॉम्प्युटरमध्ये भरला, त्याला होता का?"

साहेबांनी एक पेन रांगेतून काढून पुन्हा रांगेत ठेवलं. "असं करू. तुमची अडचण खरी आहे. तुमच्या एकटीच्या बाबतीत मी टिपणी लिहितो. दीर्घ सेवा, निर्दोष रेकॉर्ड, मानवतेच्या दृष्टीने, विशेष बाब म्हणून लायसन्स नियमित करण्यात येत आहे. उद्या तुमच्या हातात. ही वही मात्र घरी घेऊन जा."

दाराशी दप्तरकाकांनी श्वास सोडला. या रस्त्याने कुणाचंच काही बिघडत नव्हतं. आत्याला किल्ली मिळत होती, त्यांचे तीन महिने सुरळीत जात होते.

टँकर अर्धा भरलेला असला की ब्रेक दाबल्यावर गाडी थांबते, पण दूध थांबत नाही. ते आत पुढे धावत येतं आणि क्षणभराने मागून केबिनला ढकलतं. नव्या ड्रायव्हरला वाटतं गाडी थांबली, तो पाय उचलतो आणि पुढच्या गाडीवर जाऊन आदळतो. आत्या सत्तावीस वर्षं तो मागचा धक्का येईपर्यंत पाय दाबून ठेवत आली होती.

"मी विशेष बाब नाही, साहेब," ती म्हणाली. "मी पान त्र्याण्णव आहे."

"तुमचं काम होतंय ना?"

"नियमित करतो म्हणजे आधी अनियमित होतं. मानवता म्हणजे मेहरबानी. मी परीक्षा दिली, 'आठ' काढला, चढावर गाडी थांबवून पुन्हा उचलली. पास लिहिलंय तिथे. मला मेहरबानी नको. चूक झाली, असं लिहा."

"चूक झाली असं लिहायचं तर शेऱ्याचा अर्थ सिद्ध व्हायला हवा. तो सांगू शकेल फक्त ज्याने शेरा लिहिला तो." साहेबांनी पानावर बोट ठेवलं. "हे अक्षर कुणाचं, तुम्हाला माहीत आहे?"

"माहीत आहे."

"कुणाचं?"

"ते मी सांगायचं नाही."

"मग माझे हात बांधलेले आहेत. उद्या शुक्रवार आहे, हे तुम्हाला माहीत असेलच."

"माहीत आहे. मी उद्याही येईन. शनिवारी डेअरीत जायचं नसेल, तर सोमवारीही येईन. मंगळवारीही. मला काही काम उरणार नाही, त्यामुळे वेळच वेळ आहे. एक्केचाळीस जणांना पत्रं लिहीन. मी हळू लिहिते, पण लिहिते."

साहेबांनी घड्याळाकडे पाहिलं.

"माझं आहे," दप्तरकाका दारातून म्हणाले.

"काय?"

"अक्षर. तेव्हा लायसन्सच्या टेबलावर मी होतो. सही नाही म्हणजे सही केलेली नाही, अंगठा आहे. दुसरं काही नाही."

साहेबांनी रजिस्टर पुन्हा पाहिलं. "साक्षीदाराचा रकाना रिकामा आहे."

"तोही मीच रिकामा ठेवलाय."

"तुमचे तीन महिने राहिलेत, काका. हे लेखी द्यावं लागेल."

"देतो. मी गेल्यावर मग विचाराल कुणाला? पुढचा माणूसही तेच वाचणार, सही नाही म्हणजे बरोबर नाही." ते पुढे आले. वयाने त्यांना साहेबांसमोर बसायचा हक्क होता, पण ते बसले नाहीत. उभ्यानेच पान त्र्याण्णववर, जुन्या शेऱ्याच्या खाली, त्यांनी लिहिलं : 'वरील शेऱ्यात सही म्हणजे स्वाक्षरी. अर्जदार उत्तीर्ण, परवाना वैध. शेरा माझ्या हातचा.' त्याखाली तारीख आणि स्वतःची सही. सत्तावीस वर्षांत अक्षर थोडं थरथरायला लागलं होतं, पण 'स'चा वळसा तोच होता.

साहेबांना एवढ्याने भागणार नव्हतं. समोरची बाई तीच आहे, हे ठरायला हवं होतं. शाईचं पॅड आलं.

"आता सही येते ना तुम्हाला?" साहेबांनी विचारलं.

"येते. पण रजिस्टरात अंगठा आहे. जुळवायचं असेल तर अंगठ्याशीच जुळवा."

दप्तरकाकांनी तिचा डावा अंगठा पॅडवर टेकवला. आत्याच म्हणाली, "सैल सोडलाय. स्टेअरिंग नाही हे."

त्यांनी मान खाली घातली. हसू लपवायला की आणखी कशाला, ते कळलं नाही. ठसा पहिल्याच झटक्यात स्वच्छ उमटला. एका बाजूला एक आडवी जखमेची रेघ होती, टँकरच्या झाकणात कधीतरी अडकल्याची. बाकी सगळे वळसे तेच. साहेबांनी भिंगातून दोन मिनिटं पाहिलं आणि 'चूक दुरुस्त' असं लिहिलं. 'विशेष बाब' हे शब्द त्यांनी आधीच टिपणीत लिहिले होते. त्यांच्यावर त्यांनी पट्टी लावून रेघ मारली.

शुक्रवारी दुपारी खिडकी क्रमांक चारमधून आत्याला पुस्तक मिळालं. नववा शिक्का, पुढच्या मुदतीचा. बाईंनी पडदा वळवून दाखवला. लाल अक्षरं गेली होती.

"झालं ना मनासारखं?" बाई म्हणाल्या. "आता जा. टँकर चालवा."

आत्याने पुस्तक पिशवीत ठेवलं आणि पिशवीतून दुसरा कागद काढला. तीन पानी. शेवटच्या पानावर चाळीस नावं आणि चाळीस पान नंबर. त्यातल्या तीन नावांपुढे, बाहेरच्या एजंटाला विचारून, कंसात लिहिलं होतं : 'यांनी छापील अर्जावर सही केली आहे. ती जाणीव त्यांची नव्हती.'

"हे काय?"

"माझं काम झालं. हे त्यांचं."

"पण हे तुमचे कोण लागतात?"

आत्याने थोडा विचार केला. "कुणी नाही. एक जण क्रेन चालवायचा. त्याचे डोळे चांगले आहेत."

बाईंनी पानं चाळली. रांगेतला माणूस मागून म्हणाला, "बाई, आज संपवायचंय की सोमवारी?" बाईंनी त्याच्याकडे न बघता हात वर करून त्याला थांबवलं. "अर्जदाराची सही नाहीये," त्या म्हणाल्या.

आत्याने काउंटरवरचं दोरीला बांधलेलं पेन ओढलं. दोरी आखूड होती, त्यामुळे तिला वाकावं लागलं. तिने पूर्ण नाव लिहिलं, वडिलांच्या नावासकट, आणि शेवटचं अक्षर चौकोनाबाहेर गेलं.

बाईंनी आवक क्रमांक टाकला, शिक्का मारला आणि कागद ट्रेमध्ये ठेवायला हात उचलला.

"पोच," आत्या म्हणाली. "पोच द्या आधी."